चार्ज देताना दप्तराची यादी करा : महाराष्ट्रातील प्रॉटेस्टंट मंडळ्यांच्या कारभाऱ्यांना खुले पत्र

प्रति,
माननीय बिशप, पाळकवर्ग, पास्टरेट कमिट्यांचे चिटणीस व खजिनदार आणि मंडळ्यांचे वडील यांस,

प्रभूच्या नावात सलाम.

आपल्यापैकी कितीतरी मंडळ्या शंभरी ओलांडून गेल्या आहेत, काही दीडशेच्या घरात आहेत. वर्धापनदिन आला की स्मरणिका निघते आणि तिच्यात जुन्या पाळकांची चरित्रे येतात. ही चरित्रे बहुधा एकाच वळणाची असतात. जन्मगाव, मिशनरी साहेबांची भेट, बाप्तिस्मा, मग ‘अखंड सेवा’ आणि शेवटी मृत्यू. माणसाची तीस-चाळीस वर्षे त्या ‘अखंड सेवा’ या दोन शब्दांत संपून जातात. पाळकाला पगार किती होता, तो कोण देत होते, किती गावे सांभाळायची होती, कोणत्या ठरावावरून वाद झाला, बदली का झाली, यातले काहीच हाती लागत नाही. लिहिणाऱ्याकडे दप्तरच, म्हणजे मंडळीची जुनी रजिस्टरे व कागदच, नसतात, तर तो लिहिणार कशावरून?

ते दप्तर का नसते आणि काय केले तर राहील, हे सांगण्यासाठी हे पत्र. आमची मागणी एकच आहे. पाळकाची बदली होताना मंडळीच्या सर्व रजिस्टरांची व कागदांची लेखी यादी व्हावी, जाणाऱ्या आणि येणाऱ्या अशा दोन्ही पाळकांच्या तिच्यावर सह्या व्हाव्यात आणि तिची एक प्रत धर्मप्रांताच्या कार्यालयात जावी. पुढचे सगळे याच मागणीचा तपशील आहे.

आधी एक चरित्र घेऊ, रेव्हरंड नारायण वामन टिळक यांचे. मराठी ख्रिस्ती समाजात एवढे नोंदले गेलेले दुसरे चरित्र क्वचितच असेल. तरी त्यांचे जन्मवर्ष कुठे १८६१ छापलेले सापडते, कुठे १८६२. रत्नागिरी जिल्ह्यातले करजगाव हे जन्मगाव. नाशिकला संस्कृतचे शिक्षण झाले, नागपूरला बुटींच्या आश्रयाने ग्रंथसंपादन झाले, पुढे आगगाडीत एका परक्या प्रवाशाने नवा करार हाती दिला, हे आपल्या शब्बाथ शाळेतल्या मुलांनाही पाठ असते. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत त्यांचा बाप्तिस्मा झाला. त्यानंतर अमेरिकन मराठी मिशनच्या कामासाठी ते अहमदनगरला, म्हणजे आजच्या अहिल्यानगरला, आले. पाळकपदाची दीक्षा त्यांना १९०४ मध्ये मिळाली. बाप्तिस्मा आणि दीक्षा यांच्यामध्ये नऊ वर्षांचे अंतर आहे. स्मरणिकांतल्या बहुतेक लेखांत ही नऊ वर्षे एका वाक्यात उरकलेली असतात, आणि टिळकांच्या आयुष्यातला मोठा ताण नेमका याच काळातला आहे. त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाई सुरुवातीची काही वर्षे त्यांच्यापासून दूर होत्या. त्यांनी बाप्तिस्मा घेतला तो १९०० साली. मिशनच्या शाळेत आणि ईश्वरविज्ञान शाळेत शिकवणे, प्लेगमुळे होणारी हलवाहलव, दुष्काळातल्या अनाथ मुलांची काळजी हेही सगळे त्याच वर्षांतले.

पुढचा टप्पा १९१७ चा. जवळजवळ बावीस वर्षांच्या संबंधानंतर टिळकांनी मिशनची नोकरी सोडली आणि साताऱ्यात ‘देवाचा दरबार’ उभा केला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, असे दोघेही ख्रिस्ताचे भक्त एका बंधुत्वात यावेत, ही त्यामागची कल्पना. त्या काळच्या पाळकाच्या दृष्टीने हा निर्णय किती मोठा होता, हे ‘पुढे त्यांनी संन्यास घेतला’ एवढ्या वाक्याने कळत नाही. मिशनशी पत्रव्यवहार काय झाला, कोणी विरोध केला, कोणी पाठीशी राहिले, पगार थांबल्यावर घर कसे चालले, हे शोधायचे तर मिशनची वार्षिक प्रतिवृत्ते, सभांची इतिवृत्ते, ‘ज्ञानोदय’ या मिशनच्या नियतकालिकाचे अंक आणि घरची पत्रे एकमेकांशेजारी ठेवून वाचावी लागतात. ९ मे १९१९ रोजी मुंबईत त्यांचा मृत्यू झाला. त्यांच्याच इच्छेप्रमाणे त्यांचे दहन झाले. त्यामुळे फक्त दफनाच्या रजिस्टरात शोध घेणाऱ्याचा शोध तिथेच अडतो. अपुरे राहिलेले ‘ख्रिस्तायन’ हे ख्रिस्तचरित्राचे महाकाव्य लक्ष्मीबाईंनी चौसष्ट अध्याय लिहून पुढे नेले. ते १९३८ मध्ये, त्यांच्याही मृत्यूनंतर, प्रसिद्ध झाले.

टिळकांचे इतके तरी आपल्याला माहीत आहे, कारण लक्ष्मीबाईंनी ‘स्मृतिचित्रे’ हे आत्मचरित्र लिहिले. बाबा पद्मनजींबद्दल माहीत आहे, कारण त्यांनी स्वतःच ‘अरुणोदय’ हे आत्मचरित्र लिहून ठेवले. ज्यांच्या घरात लिहिणारे कोणी नव्हते त्यांचे काय? हरी रामचंद्र खिस्ती यांचा बाप्तिस्मा १८३९ चा, दीक्षा १८५४ ची. त्याच साली रामकृष्ण विनायक मोडक यांनाही दीक्षा मिळाली. मराठी प्रदेशातल्या अमेरिकन मिशनचे हे आरंभीचे देशी पाळक. या दोघांपर्यंत पोहोचायची वाट दप्तरातूनच जाते. खेड्यापाड्यांतले शेकडो उपदेशक, शाळामास्तर आणि बायबल-बायका (घरोघरी बायबल वाचून दाखवणाऱ्या सेविका) यांची तर दप्तरातल्या एका ओळीपलीकडे कुठेही नोंद नाही. ती ओळ वाळवीने खाल्ली की ते माणूस इतिहासातून गेले.

आता दप्तर हरवते कसे ते सांगतो. त्यात कोणाचा दुष्टपणा नसतो. पाळकाची बदली चार-पाच वर्षांनी होते. घर रिकामे करायची घाई असते. चालू रजिस्टर टेबलावर असते, ते नव्या पाळकाला मिळते. भरलेली जुनी रजिस्टरे पाळकगृहाच्या माळ्यावर किंवा वेदीमागच्या खोलीत असतात, त्यांचे नावही निघत नाही. दोन बदल्या झाल्या की ती तिथे आहेत हे सांगणारेच कोणी उरत नाही. तिसऱ्या बदलीनंतर रंगरंगोटी निघते आणि ‘जुनी रद्दी’ म्हणून गठ्ठा बाहेर जातो.

मोठ्या फेरबदलांत हेच मोठ्या प्रमाणावर घडले. १९२४ मध्ये अमेरिकन मिशनच्या मंडळ्या उत्तर हिंदुस्थानच्या संयुक्त मंडळीत आल्या. २९ नोव्हेंबर १९७० रोजी नागपुरात उत्तर भारताची मंडळी स्थापन झाली. प्रत्येक वेळी कार्यालये, कमिट्या, शिक्के सगळे बदलले. ज्या कमिटीचे अस्तित्वच संपले तिची इतिवृत्ते कोणी सांभाळायची, हे कुठल्याच ठरावात लिहिलेले नसते. म्हणून ती शेवटच्या चिटणिसाच्या घरी राहिली आणि आज त्याच्या नातवंडांच्या ट्रंकेत आहेत.

‘सगळे परदेशात जपलेले आहे’ असा एक समज आहे. तो अर्धाच खरा. अमेरिकन मराठी मिशन ज्याचे होते त्या अमेरिकन बोर्डाचा पत्रव्यवहार हार्वर्ड विद्यापीठाच्या हॉटन ग्रंथालयात आहे. मुंबई इलाख्यातल्या अँग्लिकन बाप्तिस्म्यांच्या, विवाहांच्या व दफनांच्या नोंदींच्या प्रती लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत ‘एन/३’ या मालिकेत आहेत. पण पहिल्यात मिशनऱ्यांनी आपल्या वरिष्ठांना लिहिलेली इंग्रजी पत्रे मुख्यतः आहेत, आणि दुसऱ्यात अमेरिकन किंवा स्कॉटिश मिशनच्या खेड्यातल्या देशी मंडळीची नोंद सापडण्याची आशा फार थोडी. मराठीत लिहिलेले मंडळीचे इतिवृत्त फक्त मंडळीपाशीच असते, त्याची दुसरी प्रत कुठेही नाही.

कोणते रजिस्टर काय देते, तेही सांगायला हवे, कारण कमिटीत हमखास विचारले जाते की ‘एवढी जुनी पुस्तके ठेवून करायचे काय’. बाप्तिस्म्याच्या रजिस्टरात तारीख, नाव, वय, आईबाप, गाव, बाप्तिस्मा देणाऱ्याची सही आणि बहुधा एक शेऱ्याचा रकाना असतो. लोक नाव पाहतात आणि पान उलटतात. शेऱ्याचा रकाना वाचा. ‘अमुक गावी बदलून गेला’, ‘शाळेवर नेमणूक’, ‘मंडळीतून काढले’, ‘परत घेतले’ असल्या ओळी तिथेच असतात आणि पाळकाच्या चरित्राचा धागा तिथूनच सुटतो. देणाऱ्याच्या सहीवरून आणखी एक गोष्ट निघते. एखाद्या पाळकाच्या सह्या तारखेनुसार गावोगावच्या रजिस्टरांतून उतरवून काढल्या की तो कोणत्या महिन्यात कुठे होता याचा जवळजवळ पूर्ण नकाशा तयार होतो. स्मरणिकेत छापलेल्या नेमणुकीच्या तारखा या नकाशाशी ताडून पाहाव्यात. पुष्कळदा वर्ष-दोन वर्षांचा फरक निघतो.

सभासदांच्या यादीवरून प्रभुभोजनात कोण, कधीपासून, हे कळते. इतिवृत्तांत पगार, घरदुरुस्ती, तक्रारी आणि ठराव असतात. जमाखर्चाची वही लोक सर्वांत आधी टाकून देतात. आमच्या मते तीच सर्वांत आधी वाचवायला हवी, कारण मंडळीने स्वतःच्या वर्गणीतून पाळकाच्या पगाराचा किती हिस्सा दिला हे तिच्याशिवाय कळत नाही, आणि स्वावलंबी मंडळीचा सारा इतिहास त्या हिश्शात आहे. जुन्या वह्यांत मोडी असते. वाचता येत नाही म्हणून ती निरुपयोगी ठरत नाही. मोडी वाचणारे आजही आहेत, आधी कागद तर राहू द्या.

नावांच्या बाबतीत शोध घेणारा हटकून फसतो. जुन्या नोंदींत आडनाव नसते, स्वतःचे नाव आणि बापाचे नाव एवढेच असते. पुढच्या पिढीने गावावरून आडनाव घेतले, म्हणून एकाच घराण्यातली माणसे तीन आडनावांनी सापडतात. इंग्रजी प्रतिवृत्तांत त्याच नावाचे स्पेलिंग दर वर्षी वेगळे असते. १८९९-१९०० च्या दुष्काळानंतरच्या नोंदींत ‘वय अंदाजे’ आणि ‘बाप माहीत नाही’ असे शेरे सलग पानभर दिसू शकतात, कारण ती अनाथाश्रमातली मुले असत. स्त्रियांची नोंद ‘अमक्याची बायको’ अशी. म्हणून नुसत्या आडनावाची सूची करू नका. स्वतःचे नाव, बापाचे किंवा नवऱ्याचे नाव, गाव आणि साल असे चारही रकाने करा. चरित्र लिहिताना प्रत्येक तारखेपुढे ती कोणत्या रजिस्टराच्या कोणत्या पानावरून घेतली ते लिहा. दोन ठिकाणी दोन तारखा आल्या तर दोन्ही लिहा, एक खोडून टाकू नका.

आता प्रत्यक्ष कागदाकडे. सर्वांत जास्त नुकसान प्रेमाने केलेल्या दुरुस्तीने होते. फाटलेल्या पानाला चिकटपट्टी लावली की काही वर्षांत पट्टी गळून पडते, पण तिचा गोंद कागदात मुरून पिवळा-तपकिरी डाग धरतो आणि खालची शाई घेऊन जातो. पान लॅमिनेट करणे त्याहून वाईट. उष्णतेने प्लास्टिक कागदाला चिकटते, ते पुन्हा सोडवता येत नाही, आणि आम्लयुक्त कागद आतल्या आत कुजत राहतो. टाचण्या, यू-पिना आणि रबरबँड काढून टाका. टाचणी गंजली असेल तर ओढू नका, मागून तिची टोके हलकेच सरळ करून काढा. जुनी लोहयुक्त काळी शाई कागद जाळते, अक्षरांच्या जागी भोके दिसतात. असे पान उलटताना खाली एक कोरा कागद सरकवून दोघांनी मिळून उलटावे.

पोलादी कपाट सुरक्षित असते अशी आपली समजूत आहे. उंदरापासून आहे, दमटपणापासून नाही. जून ते सप्टेंबर ते बंद राहिले की आत बुरशी धरते. कपाट भिंतीपासून चार बोटे पुढे आणि जमिनीपासून वीतभर उंच ठेवा, म्हणजे मागून-खालून हवा खेळेल आणि वाळवीची माती चढू लागली तर दिसेल. पावसाळ्यात उघडीप असलेल्या कोरड्या दिवशी तासभर दारे उघडी ठेवा, मुसळधार पावसाच्या दिवशी मात्र नको. रजिस्टर प्लास्टिकच्या पिशवीत बांधू नका. त्यासाठी पेशवे दप्तराचे कागद ज्यात बांधत तसा कापडी रुमालच योग्य. जाडसर मांजरपाट दोनदा गरम पाण्यात धुऊन त्यातली खळ काढा, कारण कसर खळीवर येते. वाळवून त्यात रजिस्टर आडवे ठेवून बांधा. डांबरगोळ्या ठेवल्याच तर कागदाला लागू देऊ नका.

बुरशी दिसली तर रजिस्टर उन्हात घालू नका. उन्हाने शाई उडते आणि कागद कडक होऊन तुटतो. सावलीत, पंख्याच्या वाऱ्यात, पाने थोडी उघडी ठेवून वाळवा. पूर्ण वाळल्यावर नाकातोंडाला मास्क लावून मऊ ब्रशने बुरशी बाहेरच्या बाजूला झाडा. ओल्या बुरशीवर ब्रश फिरवला तर ती कागदात घासली जाते. जांभळट अक्षरे दिसली तर ती कॉपिंग पेन्सिलची असण्याचा संभव असतो. पाण्याचा एक थेंबही ती पसरवतो, म्हणून अशा पानावर ओले फडके कधीही लावू नका.

दुरुस्तीपेक्षा स्वस्त आणि अधिक उपयोगी काम म्हणजे छायाचित्रे. यासाठी स्कॅनर नको, जुन्या रजिस्टराचा कणा काचेवर दाबला की मोडतो. साधा बारा मेगापिक्सेलचा फोन पुरतो, पण एका वेळी एकच पान घ्यायचे. फुलस्कॅप पानाची उंची साडेतेरा इंच. चार हजार पिक्सेल त्या उंचीवर पसरले की इंचाला जवळजवळ तीनशे मिळतात. दोन पाने एकत्र घेतली तर ते सव्वादोनशेच्या आसपास येतात आणि शेऱ्याच्या रकान्यातले बारीक अक्षर फुटते. नेमका हवा तोच रकाना हातचा जातो. फोन स्टँडवर बांधून अगदी सरळ खाली रोखा. दोन्ही बाजूंनी तिरपे दोन दिवे लावा, फ्लॅश बंद ठेवा. पानाच्या कडेला एक मोजपट्टी राहू द्या. चित्र रंगीतच घ्या. काळ्यापांढऱ्यात शाईचे दोन रंग एक होतात आणि नंतर कोणी घातलेली दुरुस्ती ओळखू येत नाही. कोरी पाने आणि पुठ्ठाही सोडू नका, नाहीतर पान गहाळ होते की कोरे होते हे पुढे कळणार नाही.

दोघांनी बसून मिनिटाला दोन पाने धरली तर तीनशे पानांचे रजिस्टर अडीच तासांत होते. एक चित्र चार एमबीचे धरले तर एक रजिस्टर सव्वा जीबीच्या आत बसते आणि वीस रजिस्टरे एका बत्तीस जीबीच्या पेनड्राइव्हवर मावतात. पण एका पेनड्राइव्हवर विसंबू नका. तीन प्रती करा. एक मंडळीच्या संगणकावर, एक वेगळ्या हार्डडिस्कवर आणि एक गावाबाहेर, धर्मप्रांताच्या कार्यालयात. दर वर्षी एकदा उघडून पाहा. चित्रे व्हॉट्सअ‍ॅपवर फोटो म्हणून पाठवू नका, ती दाबून लहान केली जातात. फाइलच्या नावात मंडळी, रजिस्टर, साल आणि पान क्रमांक या क्रमाने असावेत. आणि चित्रे झाली म्हणून मूळ रजिस्टर टाकायचे नाही, हे ठरावातच लिहून ठेवा.

एक सावधगिरी आम्हाला फार महत्त्वाची वाटते. या रजिस्टरांत जिवंत माणसांच्या आयुष्यातल्या नाजूक गोष्टी आहेत. दत्तक, अनौरस जन्म, शिस्तभंगाचे ठराव, मूळ जात. गेल्या पाऊणशे-शंभर वर्षांतल्या नोंदींची चित्रे जपून ठेवावीत, पण इंटरनेटवर टाकू नयेत. शोध घेणाऱ्याला फक्त त्याच्या घराण्याची नोंद द्यावी आणि दिल्याची नोंद करून ठेवावी. विवाहाच्या रजिस्टराला तर १८७२ चा भारतीय ख्रिस्ती विवाह कायदाही लागू आहे. ते सांभाळणे आणि मागणाऱ्याला शुल्क घेऊन उतारा देणे ही जबाबदारी त्या कायद्याने घातलेली आहे. रजिस्टर हरवले तर ती पार पाडता येत नाही, एवढे तरी प्रत्येक कमिटीने ध्यानात घ्यावे.

म्हणून पुन्हा यादीवर येतो. तिच्यात रजिस्टराचे नाव, कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत, एकूण पाने, गहाळ पाने, कागदाची अवस्था, ठेवण्याची जागा आणि चित्रे घेतली आहेत की नाहीत, एवढे सात रकाने पुरेत. भरलेली आणि बंद झालेली रजिस्टरे आधी लिहावीत, चालू शेवटी. बदलीच्या हुकमातच अशी अट असावी की यादीची प्रत कार्यालयात पोहोचल्याशिवाय चार्ज पूर्ण झाला असे धरले जाणार नाही. सेवानिवृत्त पाळकांच्या आणि माजी चिटणिसांच्या कुटुंबांनाही कमिटीने पत्र घालावे. ते कागद ‘परत करा’ असे म्हणू नये, लोक दुखावतात आणि ट्रंक बंद होते. चित्रे घेण्यापुरते मागावेत, पावती द्यावी, पंधरा दिवसांत परत करावेत. पुष्कळ कुटुंबे मग मूळ कागदही स्वखुशीने देतात.

पहिली यादी येत्या पावसाळ्याआधी, ३१ मेपर्यंत व्हावी, अशी आमची विनंती आहे. छापील नमुना येईपर्यंत थांबू नये. हाताने, वहीच्या पानावर लिहिलेली चालेल. सह्या आणि तारीख मात्र असाव्यात.

आपले,
मराठी मंडळ्यांच्या जुन्या दप्तरांचे अभ्यासक